धुक्याचा घाट आणि दोन मायक्रोसेकंद

माझी लेक इथे नॉर्वेच्या उत्तरेला ट्रॉम्सोत, पुतण्या साताऱ्यात शाहूपुरीत. दोघांनी व्हिडिओ कॉलवर एक काल्पनिक जग रचायला घेतलंय. तिथला निसर्ग वेळेशी खेळतो. आळीपाळीने एकेकाने एक चमत्कार घालायचा. अट एकच: खऱ्या जगात असलेलं काही चालणार नाही. वाद झाला तर पंच मी.

त्या अटीनेच दोघांची पंचाईत केली.

लेकीने पहिल्याच डावात सूर्य न मावळणारं बेट घातलं. तिथे रात्र नाही म्हणून उद्या येत नाही, आणि उद्याच येत नाही म्हणून कुणाचं वय वाढत नाही. पुतण्या लगेच ओरडला, "चीटिंग! हे तर तुझ्या खिडकीबाहेर आहे!" पोरगं बरोबर बोललं. मेच्या उत्तरार्धापासून जुलैच्या उत्तरार्धापर्यंत इथे सूर्य मावळत नाही आणि नोव्हेंबरअखेरपासून जानेवारीच्या मध्यापर्यंत उगवत नाही. इथून जवळच सोमारॉय नावाचं बेट आहे. 2019 मध्ये तिथल्या लोकांनी 'आम्हाला घड्याळच नको' म्हणून जाहीर केलं, पुलाच्या कठड्याला मनगटी घड्याळं बांधली, जगभर बातम्या झाल्या. नंतर कळलं, त्यामागे पर्यटनाचा प्रचार करणारी इथली सरकारी कंपनी होती. म्हणजे जाहिरातबाजी फक्त आपल्याकडेच चालते असं नाही.

बेट बाद. मग पुतण्याने नदी आणली. ती साठ वर्षांतून एकदाच वाहते, आणि येताना साठ वर्षांपूर्वीचा दिवस परत घेऊन येते. लेक टाळ्या वाजवायला लागली आणि मला राहवलं नाही. "अगं, ही महाबळेश्वरची आहे!" पंचगंगेच्या देवळात कृष्णा, वेण्णा, कोयना, सावित्री, गायत्री कायम वाहतात, भागीरथी बारा वर्षांनी आणि सरस्वती साठ वर्षांनी प्रकटते, असं तिथे सांगतात. वाईला गुरू कन्या राशीत आला की बारा वर्षांनी कन्यागत भरतं, गंगा कृष्णामाईला भेटायला येते. मागचं 2016 चं. कासच्या पठारावर टोपली कारवी सात वर्षांनी एकदा फुलते. मी बोलतच सुटलो. ऑफिसमधले लोक मला नेहमी विचारतात, "तुमच्याकडे बारा महिने सारखाच दिवस, कंटाळा येत नाही?" दिवस सारखा असेल हो. साताऱ्यात सगळ्यात मोठ्या आणि सगळ्यात लहान दिवसात दोन तासांचाच काय तो फरक. पण सात, बारा आणि साठ वर्षांचे काटे असलेलं घड्याळ आमच्या एका जिल्ह्यात आहे. तुमचं काय, दिवा लावला नि विझवला! हे मी ऑफिसात बोललेलो नाही, इथेच लिहितोय.

आता खरी चीड कशाची, तर उजेडाची नाही, अंधाराचीही नाही. उजेडाला काळे पडदे आहेत. चीड आहे ती घड्याळ फिरवण्याची. मार्चच्या शेवटच्या रविवारी एक तास पुढे, ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी एक तास मागे. म्हणे उजेड वाचतो. अरे, ज्या गावात सूर्य दोन महिने मावळतच नाही, तिथे उजेड वाचवून ठेवणार कुठे? आईचा फोन रात्री साडेआठला, जेवणं आटपल्यावर. तो इथे उन्हाळ्यात पाचला वाजतो आणि हिवाळ्यात चारला, म्हणजे मी बॅग भरत असताना. आई दरवर्षी विचारते, "मधला तास गेला कुठं?" मी दरवर्षी समजावतो. ती म्हणते, "सूर्य तोच, मग काटा कुणाच्या सांगण्यावरून फिरवता रे?" ह्याचं उत्तर मला अजून कुणी नीट दिलेलं नाही. आता हेही खरं, की चार वाजता इथे सगळं ऑफिस घरी निघतं आणि साहेब आधी निघतो. ते सुख पुण्यात नोकरी करताना स्वप्नातही नव्हतं.

तर, पुतण्याचा पुढचा डाव. धुक्याचा घाट. घाट उघडउघड यवतेश्वरचा. पावसाळ्यात कासला जाताना ढग रस्त्यावर उतरतात, पुढच्या एसटीचे मागचे दिवे दिसत नाहीत, दादा मान खिडकीबाहेर काढून गाडी हाकतो. पुतण्याच्या घाटात धुक्यातून जाणाऱ्याला पाच मिनिटं झाल्यासारखी वाटतात, बाहेरच्यांचं मात्र एक वर्ष सरलेलं असतं. लेकीने विचारलं, "हे कसं सुचलं?"

"काका येतो ना, तो तसाच असतो. आम्हीच मोठे होतो. मला दरवेळी विचारतो, तिसरीत का रे? आजोबा तर लईच थकलेत."

मी पंच म्हणून तातडीने हरकत घेतली. हे खऱ्या जगात आहे! उंचावर घड्याळ जलद चालतं, 2010 मध्ये अमेरिकेतल्या शास्त्रज्ञांनी अवघ्या 33 सेंटिमीटर उंचीचा फरकसुद्धा मोजून दाखवलाय. सातारा समुद्रसपाटीपासून सातशे मीटरच्या आसपास, आमचं घर समुद्राला लागून. तेव्हा वेळ तुमच्याकडेच जोरात पळते, यात माझा काय दोष? शिवाय मी वर्षातून एकदा येतो, चांगली मोठी रजा टाकून. आपल्या गल्लीतली निम्मी पोरं हिंजवडीला आहेत, ती तरी दर रविवारी कुठे येतात?

"किती जोरात पळते?" पुतण्याने विचारलं.

हिशेब केला. वर्षाला दोन-अडीच मायक्रोसेकंद.

"म्हणजे सेकंदाचा किती?"

"दहा लाख भाग केले, तर त्यातले दोन-अडीच."

"आणि माझ्या घाटात आख्खं वर्ष. हे वेगळं आहे, काका."

लेकीनेही त्याच्याच बाजूने मत दिलं. घाट मंजूर, आणि मला पंचपदावरून काढलं. पुढच्या शनिवारपासून पंच आई. डाव तिच्या साडेआठला सुरू होणार, माझ्या नाही, हे तिने आधीच बजावलंय.