तसं नव्हतं हो

काही वर्षांपूर्वी मी आईबाबांच्या गप्पा फोनवर रेकॉर्ड करायला घेतल्या. बाबा लहानपणीची एखादी हकीकत रंगात येऊन सांगायला लागले, की दोन मिनिटांत आईचं सुरू व्हायचं, 'तसं नव्हतं हो.' मग ते कुठल्या साली, कुणाच्या लग्नात, मावशी तेव्हा आली होती की नव्हती, यावर दहा मिनिटं. सगळं उतरवून काढताना मी आईची मधली वाक्यं गाळली. बाबांची गोष्ट सलग झाली आणि मला ती फार छान वाटली.

त्याच सुमारास मेक्सिकन लेखिका मार्गो ग्लांट्स यांचं 'लास खेनेआलोखियास' वाचायला घेतलं. नावाचा अर्थ 'वंशावळी', साल १९८१. ग्लांट्स यांचा जन्म १९३० चा, मेक्सिको सिटीतला. आईवडील युक्रेनमधले ज्यू, १९२५ मध्ये मेक्सिकोला आलेले. वडील खाकोबो यिडिश भाषेतले कवी. पण कवितेवर घर कुठे चालतं? त्यांनी पाव विकले, लोकांचे दात पाहिले, नवराबायकोनं मिळून बुटांचं दुकानही चालवलं. लेक टेपरेकॉर्डर घेऊन त्यांच्यासमोर बसली आणि त्या बोलण्याचं पुस्तक झालं.

आणि त्यात तिनं मधलं बोलणं तसंच ठेवलंय! वडील सांगतात, आई दुरुस्त करते, लेक तिसराच प्रश्न विचारते, वडील भलत्याच गावात पोचतात. १९३९ मध्ये फॅसिस्ट टोळक्यानं वडिलांना रस्त्यात गाठलं. त्यांची दाढी रशियन क्रांतिकारक ट्रॉट्स्कीसारखी होती. ते थोडक्यात वाचले. असा जिवावरचा प्रसंगही या घरगुती बोलण्यातूनच येतो, त्यासाठी आवाज चढत नाही. स्वतःच्या घराचं वर्णन करताना त्या सांगतात, की वारशानं आलेलं शोफार, म्हणजे ज्यूंचं धार्मिक शिंग, त्यांच्याकडे कॅथलिक संतांच्या मूर्तींच्या शेजारी ठेवलेलं आहे. यातलं खरं आपलं कोणतं, हे त्या ठरवत बसत नाहीत. मला हे फार जवळचं वाटलं.

ग्लांट्स यांना समीक्षक म्हणून ओळखणारे लोक वेगळे आणि कथा-कादंबऱ्यांमुळे ओळखणारे वेगळे, असं मला बरेचदा दिसतं. मला मात्र ही दोन कामं वेगळी काढताच येत नाहीत. मेक्सिकोच्या राष्ट्रीय विद्यापीठात त्यांनी वर्षानुवर्षं शिकवलं, सतराव्या शतकातल्या सोर हुआना इनेस दे ला क्रूस या कवयित्री ख्रिस्ती जोगिणीवर पुस्तकं लिहिली. पण मी ज्यावर सगळ्यात जास्त अडकले ते त्यांचं मालिंचेवरचं लेखन. मालिंचे ही एर्नान कोर्तेसची दुभाषी. मेक्सिको जिंकायला आलेल्या स्पॅनिश लोकांना तिच्याशिवाय एक पाऊल टाकता येत नव्हतं. त्या काळच्या स्पॅनिशमध्ये दुभाष्याला 'लेंग्वा' म्हणत. लेंग्वा म्हणजे भाषा, आणि लेंग्वा म्हणजे जीभही. ग्लांट्स त्या एका शब्दाला धरून बसतात. अख्ख्या बाईची जीभ तेवढी उरली! तिचं स्वतःचं म्हणणं कागदावर कुठेच नाही, सगळं इतरांनी लिहिलेलं. आणि तरी बेर्नाल दीआस हा कोर्तेसबरोबरचा शिपाई नोंदवून ठेवतो, की तिथले लोक कोर्तेसलाच 'मालिंचे' म्हणायचे, कारण ती सतत त्याच्या बाजूला असायची. सेनापतीला त्याच्या दुभाषीचं नाव! मी हे वाचून पुस्तक मिटलं आणि बराच वेळ नुसती बसून राहिले.

एखादा अवयव, एखादी वस्तू घ्यायची आणि तिचा पिच्छा सोडायचा नाही, ही त्यांची रीतच आहे. केसांवर १९८४ चं एक अख्खं पुस्तक आहे. ते मनात आलं की मला सोर हुआना आठवते. ठरवलेल्या मुदतीत एखादा विषय शिकून झाला नाही, तर ती स्वतःचे केस कापायची. ज्ञान नसलेल्या डोक्याला केसांचा साज कशाला, असं तिचं म्हणणं. पुढे दातांवर पुस्तक आलं, बुटांवर आलं (दुकानात वाढलेली मुलगी!) आणि २००२ मध्ये 'एल रास्त्रो', हृदयावरची कादंबरी. नोरा गार्सिया ही चेलोवादक. घटस्फोटित नवरा हृदयविकारानं गेला म्हणून ती त्याच्या अंत्यविधीला येते. तो पियानोवादक आणि संगीतकार. शवपेटी ठेवली आहे, लोक कुजबुजताहेत, आणि हिचं मन हृदयाच्या शस्त्रक्रियेवरून पियानोवादक ग्लेन गूल्डवर, बाखच्या गोल्डबर्ग व्हेरिएशन्सवर, पुन्हा शवपेटीवर. बाखच्या त्या रचनेत एक धून आणि तिची तीस रूपं. कादंबरीतही तीच वाक्यं किंचित बदलून परत परत येतात. पहिल्या पन्नास पानांत मी वैतागले होते. नंतर कळलं, माणूस गेल्यावर डोकं असंच चालतं. तीच चार वाक्यं.

२०१८ चं बातम्यांच्या मथळ्यांसारख्या तुकड्यांचं पुस्तक मला सलग वाचवलं नाही. त्याचं नाव तेवढं मनात राहिलं. सोर हुआनाच्या दीर्घकवितेतून घेतलेलं आहे, अर्थ साधारण असा: सगळंच पाहायला गेले, काहीच दिसेना.

जुन्या फोनमध्ये मूळ रेकॉर्डिंग सापडलं. गेल्या आठवड्यात हेडफोन लावून पुन्हा ऐकलं. चौदाव्या मिनिटाला आई म्हणते, 'तसं नव्हतं हो.' बाबा म्हणतात, 'बरं, मग तू सांग.' आणि ती सांगते, पुरती अकरा मिनिटं. लग्नाआधी तिला आलेलं नोकरीचं पत्र, ते कपाटात कुठल्या साडीखाली ठेवलं होतं, आणि कुणी काढून घेतलं. मी उतरवलेल्या कागदांवर तिथे नुसती एक रिकामी ओळ आहे.

आता पहिल्यापासून उतरवायला घेतलंय.