घट, कुंभार आणि ईश्वर

घट दिसला की कुंभार मानावाच लागतो; पृथ्वी, अंकुर हीदेखील कार्येच, म्हणजे निर्माण झालेल्या वस्तूच, म्हणून त्यांनाही बुद्धिमान कर्ता असला पाहिजे, असे अनुमान न्याय या तर्कप्रधान दर्शनातल्या उदयनाचार्यांनी ‘न्यायकुसुमांजली’ या ग्रंथात मांडले. आमच्या माठाच्या बुडाशी कुंभाराच्या बोटाचा ठसा उमटलेला आहे. तो पाहून हा युक्तिवाद मला बराच काळ बिनतोड वाटत असे. मात्र रामानुजाचार्यांनी, स्वतः ईश्वरनिष्ठ असूनही, ‘श्रीभाष्या’त, म्हणजे ब्रह्मसूत्रांवरील आपल्या भाष्यात, त्यातला कच्चा दुवा नेमका पकडला: कर्ता सिद्ध झाला तरी तो एकच कशावरून, आणि कुंभारासारखा त्यालाही देह नको का? (नास्तिकालाही याहून धारदार आक्षेप क्वचितच सुचेल.) ईश्वर केवळ शास्त्रानेच, म्हणजे वेदवचनांनीच, कळतो, असे ते म्हणतात. पण शास्त्र प्रमाण का मानावे, हे ठरवताना पुन्हा बुद्धीलाच साक्षीला बोलवावे लागते, आणि उदयनाचार्यांसारखे नैयायिक (न्यायदर्शनाचे अनुयायी) तर वेदांचे प्रामाण्यच ईश्वरावर टेकवतात.