पंचगंगेवर डॉक्युमेंटरी करताना... माझा अनुभव

मी मूळची चित्रकार, वॉटरकलरवाली. कोल्हापुरात चित्रकला शिकलेली बाकीची पोरं करतात तशी मीपण पंचगंगा घाटावर बसून ढिगानं लँडस्केप केलीत, पहाटेचं धुकं, दगडी पायऱ्या, पाण्यातली देवळं. एकदा राजाराम बंधाऱ्याजवळ पाण्यावर पांढरा फेस तरंगत होता, तो मी कागद कोरा सोडून काढला आणि घरी येऊन चित्र भिंतीला लावलं तर सगळे म्हणाले लई भारी झालंय. मला मात्र कसंतरीच झालं. ती घाण होती आणि माझ्या कागदावर ती देखणी दिसत होती. तेव्हाच ठरवलं की हे चित्रानं होणार नाही, याला आवाज पाहिजे, फिल्मच करायची.

सेकंडहँड कॅमेरा घेतला, माईक मैत्रिणीचा. पहिला महिना चुकीच्या वाटेनं गेला, जाणकार माणसांना खुर्चीत बसवून मुलाखती घेतल्या आणि त्या सगळ्या पेपरातल्या बातमीसारख्या झाल्या. शिवाय नदीकाठी वारा एवढा की माईकमध्ये नुसती घरघर, शेवटी जुन्या स्वेटरचा तुकडा गुंडाळून शिवला तेव्हा कुठं पाण्याचा आवाज नीट यायला लागला.

मग शहराच्या खालच्या अंगाला, इचलकरंजीच्या पुढं असलेल्या तेरवाड बंधाऱ्याकडं जायला लागले. तिथं मासे धरणारे एक मामा भेटले. पहिल्याच दिवशी म्हणाले, "बाळ, कॅमेरा ठिव बाजूला, आधी बघ तरी." त्यांच्यासोबत आठ-दहा पहाटा नुसत्या बसून काढल्या, शूटिंग काहीच नाही, आणि माझ्या मते फिल्म खरी तिथंच घडली. एका पहाटे पाणी काळपट आलं, साखर कारखान्याच्या मळीचा वास, आणि उजाडायच्या आधी मासे वर येऊन तोंडं उघडमिट करायला लागले. शेकडो तोंडं, आणि प्रत्येकाचा बारीक "पच्" असा आवाज. मामा म्हणाले, "दम लागलाय त्यास्नी."

नंतर वाचल्यावर कळलं ते असं की सांडपाणी आणि मळी पाण्यात आली की ती खाणारे जिवाणू वाढतात आणि पाण्यातला ऑक्सिजन संपवतात, त्यात रात्री ऊन नसतं म्हणून शेवाळ वगैरे ऑक्सिजन तयार करत नाही, उलट वापरतं, म्हणून पहाटे तो सगळ्यात कमी असतो. सकाळी नऊला कॅमेरा घेऊन जाणाऱ्याला मेलेला मासा दिसतो, मरताना दिसत नाही. कोणी असलं काही शूट करणार असेल तर पहाटे चारलाच जा.

पाण्याच्या तपासणीचे रिपोर्ट मिळवायला माहिती अधिकारात अर्ज टाकला, १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून. ३० दिवसांत उत्तर यायला पाहिजे, आलं नाही, पहिलं अपील केल्यावर मिळालं. चिकाटी सोडू नका एवढंच सांगेन. पण ते आकडे स्क्रीनवर टाकले की बघणारे मोबाईल काढायचे. मग मी परत ब्रश हातात घेतला. जिथं पंचगंगा सुरू होते त्या प्रयाग चिखलीच्या संगमावरचं एक बाटली पाणी आणि तेरवाडचं एक, दोन्हीनं एकच चित्र दोनदा काढलं आणि ते काढतानाच शूट केलं. दुसरा कागद वाळल्यावरसुद्धा वास मारत होता, पण वास काय फिल्ममध्ये येत नाही, म्हणून मामांना तो कागद हुंगायला दिला आणि त्यांचा चेहरा घेतला.

चाळीसेक तासांचं फुटेज, त्यातनं २२ मिनिटं ठेवली. एडिटिंगला पाच महिने गेले. महापूर ठेवायचा म्हणून हट्ट होता, २०१९ ला राजाराम बंधाऱ्याची पातळी ५५ फुटांच्या वर गेलेली (धोका पातळी ४३), माझ्याकडं तेव्हाचे मोबाईलचे व्हिडिओपण होते. पण पूर आला की बघणारा फक्त पूरच लक्षात ठेवतो, बाकी सगळं वाहून जातं. काढून टाकला, जीवावर आलं तरी.

पहिला शो मामांच्या गावात, तालमीच्या भिंतीला पांढरी चादर लावून. माशांचा तो सीन आला तेव्हा पोरंसुद्धा गप्प झाली. संपल्यावर एक काकू उठल्या आणि म्हणाल्या, "सगळं दावलंस, पण तू ऱ्हातीस कुठं?" म्हटलं लक्ष्मीपुरीत. "मग तुझ्या मोरीतलं पाणी कुठं जातंय ते का न्हाई दावलंस?"

घरी येईपर्यंत तेच डोक्यात. तेव्हापासून मोरीपासनं गटार, गटारीपासनं जयंती नाला, आणि नाल्यापासनं नदी असं चालत शूट करतेय, नाल्यापर्यंत पोचलेय. चार-पाच मिनिटं वाढतील. ती घातल्याशिवाय पुढचा शो लावणार नाही.