आमची वाटचाल : खून न दाखवता

२००३ साली सोनीचा पीडी-१५० कॅमेरा, सेनहायझरचा ४१६ माइक आणि सदाशिव पेठेतली पोटमाळ्याची खोली, एवढ्यावर आम्ही दोघांनी खऱ्या खून प्रकरणांवरच्या माहितीपटांचं काम सुरू केलं. भागीदार ध्वनिमुद्रक. त्यांना सगळे अण्णाच म्हणतात.

पहिला विषय पुण्यातलं जोशी-अभ्यंकर हत्याकांड. जानेवारी १९७६ ते मार्च १९७७ मधले १० खून, २७ नोव्हेंबर १९८३ला येरवड्यात चौघांना फाशी. पुणेकरांना हे सांगावं लागत नाही, म्हणून आम्ही एकही खून दाखवला नाही. बोहरी आळीतल्या दुकानात टांगलेली नायलॉनची दोरी दाखवली. दुकानदार गाठ मारतो, टोक दातात धरून आवळतो. ४० सेकंद, कॅमेरा स्थिर. खेळ संपल्यावर एक आजी म्हणाल्या, "आम्ही तेव्हा दिवेलागणीलाच कडी लावायचो." आम्हाला तीच कडी ऐकवायची होती.

अण्णा प्रत्येक जागी दोन मिनिटं रूम टोन, म्हणजे कुणी बोलत नसतानाचा त्या जागेचा आवाज, घेणारच. पंखा बंद, मोबाइल बंद, सगळे जागच्या जागी. शेजारच्या कुकरची शिट्टी आली तर ती काढायची नाही. जिथे माणसं मारली गेली त्या भिंतीपलीकडे आज वरण शिजतंय, हे प्रेक्षकाला कळलंच पाहिजे.

२०११मध्ये एका चॅनेलने १३ एपिसोड मागितले. चौथा दिल्यावर फर्मान आलं : नाट्यरूपांतर हवं, लाल लाइट, सुरा. वर ऐकवलं, अमेरिकेच्या एरॉल मॉरिसनेही केलंय की! केलंय, पण काय केलंय ते बघा. १९८८च्या 'द थिन ब्लू लाइन' या माहितीपटात त्याने एकच गोळीबार साक्षीगणिक वेगवेगळा उभा केला. त्यातून साक्षींमधली तफावत उघडी पडली आणि टेक्सासच्या तुरुंगातला निर्दोष माणूस पुढच्या वर्षी सुटला. त्याने उभ्या केल्या त्या साक्षी. ह्या चॅनेलला खूनच हवा होता.

मी नाही म्हटलं. पैसे अडकले. १४ महिने खोलीचं भाडं थकलं, कॅमेरा विकला, लाइट विकले. उरलेले नऊ एपिसोड आमच्याकडेच एडिट शिकलेल्या मुलाने घेतले. त्यात दोरीचा शॉट जसाच्या तसा होता, फक्त दोरीत मान घातली होती. ते बघून अण्णा दोन दिवस जेवले नाहीत.

त्या काळात आम्हाला तारलं कोल्हापूरकडच्या विधी महाविद्यालयातल्या एका सरांनी. दर जूनला वर्गासाठी आमच्या डीव्हीडी घ्यायचे, त्या वर्षी दोन वर्षांचे पैसे आगाऊ पाठवले. आजही नवी फिल्म बघून त्यांचा पहिला प्रश्न असतो, "हे निकालपत्रात कुठल्या पानावर आहे?"

नव्या मुलांनो, कात्रणं जमवण्याआधी कोर्टात निकालपत्राच्या नकलेसाठी अर्ज टाका. ते दोनदा वाचा. मृताच्या घरी पहिल्यांदा जाल तेव्हा कॅमेरा गाडीतसुद्धा ठेवू नका.

४१६ तेवढा विकला नाही. अण्णांनी तो सिलिका जेलच्या पुड्या घालून घरी स्टीलच्या डब्यात ठेवला होता. परवाचं शूटिंगही त्याच्यावरच झालं. चौथ्या एपिसोडचं बिल मात्र अजून थकलेलंच आहे, आणि मी ते दर मार्चला पाठवतो.