त्रेपन्न ठिपके

“एएलटी ११०० च्या वर गेलं आहे. सुई आत्ताच काढली, नळी बर्फात घालून पाठवते. तुमचं यंत्र मोकळं आहे ना?” यकृतविभागाच्या डॉक्टरांचा हा फोन आला तेव्हा दुपारचे पावणेतीन वाजले होते आणि आमच्या प्रयोगशाळेतले यंत्र, जे रंगवलेली एकेक पेशी मोजून पडद्यावर ठिपका म्हणून दाखवते, मोकळे नव्हते. तरीही मी हो म्हणाले, कारण या रुग्णाचा नमुना पुन्हा मिळेल असे मला वाटले नव्हते. त्याच्या यकृतातल्या पेशी आम्ही दोन वर्षांपूर्वी एकदा पाहिल्या होत्या आणि त्यांची फाइल माझ्याकडे जपून ठेवलेली होती.

रुग्ण तिशीतला. हिपॅटायटिस बी त्याला जन्माच्या वेळी आईकडून मिळालेला. प्रौढ वयात हा संसर्ग झाला तर शंभरात पाचांहूनही कमी जणांमध्ये तो कायमचा राहतो. नवजात बाळांमध्ये मात्र सुमारे ९० टक्क्यांमध्ये तो ठाण मांडतो. हा विषाणू माणसाच्या अंगात किती वर्षे राहणार, हे त्याच्यापेक्षा त्या माणसाच्या प्रतिकारयंत्रणेवर आणि ती त्या वेळी किती वयाची होती यावर जास्त अवलंबून असते. चार वर्षे हा रुग्ण रोज एक गोळी घेत होता, रक्तातला विषाणू मोजता न येण्याइतका खाली गेला होता, रिपोर्ट चांगले येत होते. आणि रिपोर्ट चांगले येतात म्हणूनच त्याने कुणाला न विचारता गोळी बंद केली. या गोळ्या विषाणूची नवी प्रत तयार होऊ देत नाहीत, परंतु यकृतपेशीच्या केंद्रकात वर्तुळाकार डीएनएच्या रूपाने बसलेल्या मूळ साच्याला त्या हात लावत नाहीत. साचा शिल्लक असला की छपाई पुन्हा सुरू होते. (देखरेखीखाली, निवडक रुग्णांची गोळी विचारपूर्वक थांबवून पाहणे हा संशोधनाचा वेगळा विषय आहे, इथे तसे काही नव्हते.)

एएलटी हे यकृतपेशीच्या आतले विकर (एन्झाइम). पेशी फुटली की ते रक्तात उतरते; एरवी ते चाळिशीच्या आसपास किंवा त्याखाली असते. मात्र हिपॅटायटिस बीचा विषाणू स्वतः यकृतपेशी फोडत नाही. कोट्यवधी विषाणूकण बाहेर सोडूनही ती पेशी निवांत जगू शकते. तिला मारतात त्या आपल्याच पेशी. त्यामुळे ११०० चा आकडा ऐकताच माझ्या मनात जे चित्र उभे राहिले ते सरळ होते: विषाणू परतला, त्याला ओळखणाऱ्या टी पेशी, म्हणजे प्रतिकारयंत्रणेतल्या पांढऱ्या पेशी, जाग्या झाल्या, त्यांची संख्या वाढली आणि त्यांनी यकृतावर हल्ला चढवला. विद्यार्थ्यांना मी अनेक वर्षे हेच शिकवत आले होते.

नळीत फिकट गुलाबी रंगाचे जेमतेम तीन मिलिलिटर द्रावण होते. ही सुई २५ गेजची, म्हणजे रक्त काढायच्या नेहमीच्या सुईपेक्षाही बारीक असते. पूर्वी अशा अभ्यासासाठी यकृताचा तुकडा काढावा लागे. आता सोनोग्राफीत बघत बारीक सुईने पेशी ओढून घेता येतात आणि रुग्णाला त्रास फार कमी होतो. अडचण एवढीच की पेशी मोजक्या मिळतात आणि त्या ताज्याच वापराव्या लागतात. गोठवून ठेवल्या तर नेमक्या हव्या त्याच पेशी मरतात. थोडक्यात, रंगवायची संधी एकच.

विषाणूला ओळखणारी टी पेशी शोधायला आम्ही टेट्रामर वापरतो. पेशीच्या पृष्ठभागावर टी पेशींना प्रथिनांचे तुकडे दाखवणारे रेणू म्हणजे एचएलए; त्यांतल्या एचएलए-ए२ या प्रकारचे चार सारखे रेणू एकत्र बांधायचे, प्रत्येकाच्या खोबणीत विषाणूच्या गाभ्यातील प्रथिनाचा दहा अमिनो आम्लांचा तुकडा बसवायचा आणि त्याला चमकणारा रंग जोडायचा. तो तुकडा ओळखणारी टी पेशीच त्याला चिकटते. १९९६ साली ही युक्ती प्रसिद्ध झाली आणि तोवर केवळ अंदाजाने मोजल्या जाणाऱ्या पेशी डोळ्यांना दिसू लागल्या. सुदैवाने रुग्ण ए२ प्रकाराचा होता. टेट्रामर घातला, अंधारात ठेवला, मग पेशींचे प्रकार ओळखणारी बाकीची रंगीत प्रतिपिंडे, मग मेलेल्या पेशी दाखवणारा रंग. पाच वाजून दहा मिनिटांनी नमुना यंत्रावर चढला.

“मॅडम, तीन टक्के!” माझा विद्यार्थी जवळजवळ ओरडलाच. पडद्यावर उजवीकडे ठिपक्यांचा दाट ढग होता. अशा रुग्णाच्या रक्तात सीडी-८ टी पेशींपैकी, म्हणजे संसर्ग झालेल्या पेशी मारणाऱ्या टी पेशींपैकी, ०.१ टक्का पेशी जरी विषाणूला ओळखणाऱ्या निघाल्या तरी आम्ही समाधानी असतो, त्यामुळे तीन टक्के म्हणजे मेजवानीच. मीही क्षणभर त्या आनंदात सामील झाले, हे कबूल करायला हवे. कारण मला जे दिसायला हवे होते तेच पडद्यावर दिसत होते.

पण तो ढग तिरका होता. खऱ्या टेट्रामरधारी पेशी एका रंगात उजळतात. हे ठिपके सगळ्याच रंगांत थोडे थोडे उजळत होते. यकृतपेशी आणि त्यांचे तुकडे कुठलाही रंग न लावता स्वतःहून चमकतात आणि मेलेल्या पेशींना टेट्रामर वाटेल तसा चिकटतो. भडका उडालेल्या यकृतातल्या नमुन्यात या दोन्ही गोष्टी भरपूर असणार, हे मला आधीच लक्षात यायला हवे होते. घाईत मी दोन वर्षांपूर्वी आखलेली चौकट, म्हणजे ज्याला आम्ही गेट म्हणतो ती, जशीच्या तशी लावली होती आणि ती शांत यकृतासाठी आखलेली होती. मृत पेशी कडकपणे वगळल्या, स्वयंप्रकाशी कचरा बाजूला काढला आणि ढग विरून गेला. उरले ते ५३ ठिपके. ३५,००० सीडी-८ पेशींमध्ये ५३, म्हणजे ०.१५ टक्के.

जुनी फाइल उघडली. दोन वर्षांपूर्वी, एएलटी अगदी सामान्य असताना, याच रुग्णाच्या यकृतात ६,२०० सीडी-८ पेशी मिळाल्या होत्या आणि त्यांत टेट्रामरधारी होत्या ५६. प्रमाण ०.९ टक्के.

दोन्ही आकडे मी शेजारीशेजारी लिहिले आणि बराच वेळ त्यांच्याकडे बघत राहिले. ज्या पेशींनी यकृत पेटवले असे मी धरून चालले होते, त्या वाढल्याच नव्हत्या. वाढली होती ती भोवतालची गर्दी. दोन वेळच्या सुईने किती पेशी खेचल्या याची थेट तुलना करता येत नाही आणि एका रुग्णावरून सिद्धांत मांडायचा नसतो, हे मला माहीत आहे. पण हे चित्र मला अगदी अनोळखीही नव्हते. २००० साली लंडनमधील संशोधक माला मैनी आणि अँटोनियो बर्टोलेटी यांच्या गटाने नेमके हेच दाखवले होते: ज्यांचे यकृत शांत आणि विषाणू आटोक्यात, त्यांच्या यकृतात विषाणू ओळखणाऱ्या टी पेशींचे प्रमाण भरपूर, ज्यांचे यकृत सुजलेले, त्यांच्यातही अशा पेशींची प्रत्यक्ष संख्या जवळपास तेवढीच, फक्त त्या विषाणूशी देणेघेणे नसलेल्या असंख्य पेशींच्या लोंढ्यात पातळ झालेल्या. तो लेख मी वाचला होता, शिकवला होता, आणि तरीही दुपारी फोन ठेवताना माझ्या डोक्यात चित्र होते ते त्याआधीचे.

गर्दीत कोण होते हेही पाहिले. नॅचरल किलर पेशींचा, म्हणजे ठरावीक विषाणू न ओळखताही मारू शकणाऱ्या प्रतिकारपेशींचा, वाटा मोठा होता आणि त्यांतल्या बऱ्याच पेशींवर ट्रेल हा समोरच्या पेशीला मरणाचा संदेश देणारा रेणू होता. सूज उसळते तेव्हा इंटरफेरॉन-अल्फा आणि इंटरल्युकिन-८ या संदेशवाहक प्रथिनांच्या प्रभावाने या पेशी ट्रेल धारण करतात, तेच संदेश यकृतपेशीवर ट्रेलला पकडणारा रेणू (रिसेप्टर) वाढवतात आणि मग लक्ष्य विषाणू असो वा नसो, यकृतपेशी मरते. हे २००७ मध्ये दाखवले गेले. त्याच लंडनच्या गटाने पुढे असेही दाखवले की याच मार्गाने नॅचरल किलर पेशी विषाणूविरोधी टी पेशींनाही संपवतात. म्हणजे कामाची माणसे मोजकी, आणि गर्दी त्यांनाच तुडवते. सैनिक आणि शत्रू ही आमची लाडकी उपमा इथे पार मोडून पडते. विषाणू काढायला यकृत जाळावेच लागते असेही नाही: १९९९ मध्ये चिंपांझींवरच्या प्रयोगात यकृतातला बहुतेक विषाणू डीएनए टी पेशींची मोठी फौज आत येण्याआधीच नाहीसा झाला होता, इंटरफेरॉन-गॅमासारख्या संदेशांनी पेशी न मारताच तो धुऊन काढला होता.

त्या ५३ पेशींचे काय चालले होते? जवळपास सगळ्यांवर पीडी-१ हा टी पेशीला आवर घालणारा रेणू ठासून भरलेला. वर्षानुवर्षे एकच प्रतिजन, म्हणजे विषाणूचा ओळखीचा तुकडा, समोर दिसत राहिले की टी पेशी स्वतःला ब्रेक लावते. आधी वाढणे थांबवते, मग संदेश सोडणे कमी करते. आम्ही त्यांना ‘थकलेल्या’ म्हणतो, हा शब्द मला फारसा पटत नाही. थकवा विश्रांतीने जातो. हिपॅटायटिस सीमध्ये औषधांनी विषाणू पूर्ण गेल्यावरही अशा पेशींच्या जनुकांवरच्या खुणा बऱ्याच अंशी तशाच राहतात, असे दिसून आले आहे. आणि ब्रेक निरर्थकही नसतो. २००६ मध्ये दीर्घकाळ संसर्ग झालेल्या उंदरांत पीडी-१ चा मार्ग अडवल्यावर टी पेशी पुन्हा काम करू लागल्या, तो प्रयोग सगळ्यांना आठवतो. पण पीडी-१ चा जोडीदार रेणूच जन्मतः नसलेले उंदीर त्याच संसर्गात मेले, हे त्याच लेखातले वाक्य फारसे कुणी सांगत नाही. कर्करोगात हा ब्रेक काढण्याच्या उपचाराला २०१८ चे नोबेल मिळाले. ज्या यकृतातल्या असंख्य पेशींत विषाणू आहे, तिथे तो काढताना मात्र हात थरथरायला हवा.

साडेसात वाजता मी डॉक्टरांना फोन केला. आकडे सांगितले, आधीची तीन टक्क्यांची चूकही सांगितली.

“म्हणजे नेमक्या पेशी वाढल्याच नाहीत?”

“दिसत तरी नाहीत. तुम्ही उपचाराचं काय ठरवलंत?”

“अहो, गोळी तीन वाजताच सुरू केली. काविळीचं बिलिरुबिन वाढायला लागलं होतं, तुमच्या ठिपक्यांसाठी थांबले असते तर पंचाईत झाली असती.”

ते बरोबरच होते. आमचा नमुना संशोधनासाठी होता, उपचार ठरवण्यासाठी नव्हता. पुढच्या सहा आठवड्यांत एएलटी उतरत उतरत ६० वर आले आणि रुग्ण घरी सुखरूप आहे. डॉक्टरांनी त्याला समजावून सांगितले तेव्हा त्याने एवढेच विचारले म्हणे, की विषाणूने यकृत खराब केले नाही तर मग गोळी विषाणूवरची का द्यायची. डॉक्टरांनी त्याला सांगितले की चिथावणी देणाराच कमी झाला तर गर्दी पांगते.

तिरक्या ढगाचा तो पहिला आलेख मी पुसला नाही. वहीत डाव्या पानावर तो चिकटवला आहे, उजव्या पानावर ५३ ठिपक्यांचा, आणि दोन्हींच्या खाली चौकटी कशा आखल्या होत्या ते लिहिले आहे. रुग्णाने तिसऱ्या नमुन्याला संमती दिली आहे. या खेपेला चौकट आधीच्या फाइलीतून न घेता नव्याने आखायची, असे विद्यार्थ्याने स्वतःहून फळ्यावर लिहून ठेवले आहे.