बोरिक पावडर

जेवणं आटोपली होती, पुसलेली फरशी वाळत आली होती आणि भाचा शाळेचे मोजे न काढताच टीव्हीसमोरून उलटा सरकत गेला. थेट शोकेसपर्यंत. कोणी शिकवलं म्हणून विचारलं तर म्हणाला, "कोणी नाही, रीलमध्ये बघितलं." मायकल जॅक्सन हे नाव त्याने ऐकलं होतं, पण या चालीशी त्या माणसाचा काही संबंध आहे याची त्याला कल्पना नव्हती. असू दे. लेंग्याला नाडी कोणी लावली हे तरी कुठे आपल्याला माहीत असतं?

माझं एक जुनं मत आहे: घराची खरी पारख मोजे घालून फरशीवर चालल्यावरच होते. आमच्या लहानपणी घरात शहाबादी होती. तिच्यावर पाय सरकत नाही, अडतो. दोन फरश्यांमधल्या सांध्यात मोज्याचं टोक अडकलं की संपलंच. गल्लीत मोझॅक टाइल्स एकाच घरात होत्या, त्या घरातल्या पोराचा नाच यथातथाच होता आणि तरी आमचा मायकल तोच. इतरांनी तोड काढली ती कॅरमची. बोरिक पावडरचा डबा निम्मा फरशीवर उपडा करायचा आणि वर मोज्यांनी उभं राहायचं. मग दोन पावलं खरोखरच सुळकन मागे जायची, तिसऱ्याला माणूस पाठीवर. संध्याकाळी वडीलमंडळी कॅरमला बसली की सोंगटी जागची हलायची नाही आणि चौकशी सुरू व्हायची.

गंमत म्हणजे मूळ माणूस आम्ही बघितलाच नव्हता. आधी पाहिल्या त्या हिंदी सिनेमातल्या त्याच्या नकला, मग गणपतीच्या मांडवात त्या नकलांच्या नकला, आणि शाळेच्या गॅदरिंगमध्ये त्याही खालची आवृत्ती. एका हातात मोजा, तोही आईचा लोकरीचा. त्यावर टिकल्या चिकटवलेल्या. सर मागून ओरडायचे, "अरे, पुढे बघून नाच!" पण तो नाचच मागे जाण्याचा.

पुढे कधीतरी भाड्याच्या व्हिडिओ कॅसेटवर खरा दिसला. २५ मार्च १९८३ला कॅलिफोर्नियात, पॅसाडीनाच्या एका सभागृहात, मोटाउन या रेकॉर्ड कंपनीच्या पंचविशीचा सोहळा चित्रित झाला, मे महिन्यात तो अमेरिकन टीव्हीवर दाखवला गेला. 'बिली जीन' चालू आहे आणि मध्येच हा काही सेकंद मागे जातो. बस, एवढंच. कॅसेट मागे घेऊन घेऊन तेवढाच तुकडा बघून काढला. युक्ती अशी की टाच उचललेला पाय हलत नाही, सगळा भार त्याच्या चवड्यावर असतो. सपाट ठेवलेला पाय मागे सरकतो. मग टाचांची अदलाबदल. आपण नेमके उलटं समजतो, म्हणून पडतो.

आणि ही चाल त्याचीही नव्हे. बिल बेली नावाचा टॅप डान्सर १९५०च्या दशकात रंगमंचावरून असाच मागे सरकत जायचा. जॅक्सनला ती शिकवली जेफ्री डॅनियल या नर्तकाने. म्हणजे नक्कल तिकडेही होतीच, फक्त त्याने ती करताना पँट आखूड ठेवली आणि पांढरे मोजे दिसू दिले, म्हणजे बघणाऱ्याची नजर पायांवरून हलायला नको. ही अक्कल आमच्या गॅदरिंगमध्ये कोणाला सुचली नाही. आमच्याकडे बेलबॉटम जमीन झाडत असायची.

ताठ शरीराने पुढे झुकायचा तो प्रकार तर कित्येकांनी नाक फुटेस्तोवर केला. पुढे कळलं की त्यामागे चक्क पेटंट आहे, १९९३ सालचं, दोन साथीदारांबरोबर त्याच्या नावावर. बुटाच्या टाचेत खाच, स्टेजमधून वर येणारा खुंटा, खाच खुंट्यात अडकवायची आणि झुकायचं. मांडवाच्या फळ्यांना खिळे भरपूर होते, पण उपयोगाचे नव्हते.

१ नोव्हेंबर १९९६ला तो खुद्द मुंबईत अंधेरीला नाचला. विमानतळावर सोनाली बेंद्रेने नऊवारीत ओवाळलं, मग स्वारी मातोश्रीवर गेली. त्या कार्यक्रमाला दिलेल्या करमणूक करमाफीचा वाद कोर्टात गेला आणि तीन कोटींहून अधिक कर माफ करण्याचा निर्णय मंत्रिमंडळाने पुन्हा घेतला तो थेट जानेवारी २०२१मध्ये. तोवर त्याला जाऊन साडेअकरा वर्षं झाली होती. आपल्याकडची फाइल कोणासाठी पळत नाही, हे बघून बरं वाटलं.

त्याच्याबद्दल बोलताना मुलांवरच्या अत्याचाराचे आरोप टाळून पुढे जाता येत नाही. १९९३चं प्रकरण कोर्टाबाहेर मिटलं, २००५ला खटल्यात तो निर्दोष सुटला, २०१९ला दोन पुरुषांनी माहितीपटात पुन्हा आपबीती सांगितली. हे वाचल्यापासून ती गाणी पूर्वीसारखी ऐकू येत नाहीत. पाय मात्र हलतात. याचं काय करायचं ते मला ठरवता आलेलं नाही.

त्या अंधेरीच्या दिवसांत पेपरभर त्याचे फोटो होते आणि घरात नेहमीची चर्चा. काका म्हणाले, "पैसा आला की माणूस कातडीसुद्धा बदलून घेतो." सगळे हसले. शेंगा फोडत बसलेली मावशी म्हणाली, "कोड असेल त्याला." कोणी लक्ष दिलं नाही. काकांनी तिकिटाच्या दराचा विषय काढला.

मावशीला विसाव्या वर्षी कोड आलं. आधी बोटांवर, मग ओठांजवळ. दोन ठिकाणी ठरता ठरता मोडलं, आणि धाकटीच्या लग्नात तिला पुढे येऊ नको असं सांगण्यात आलं. सांगणारे घरचेच. ऐन थंडीत ती छत्री घेऊन मंडईत जायची. कोड आलेल्या कातडीला ऊन सोसत नाही. जॅक्सनच्या डोक्यावरही कायम छत्री धरलेली असायची, आणि त्याचेही विनोद व्हायचे. त्याने १९९३च्या फेब्रुवारीत ओप्रा विन्फ्रीला टीव्हीवर स्वतःच सांगितलं होतं की हा आजार आहे. डाग पसरत गेले की उरलेला सावळा रंगच मेकअपने झाकणं सोपं पडतं. ज्या देशात कितीतरी घरांत कोणीतरी डाग झाकायला पूर्ण बाह्यांचं पोलकं घालून वावरतं, तिथेही लोकांना शस्त्रक्रियेची गोष्टच जास्त पटली. २५ जून २००९ला तो गेला आणि शवविच्छेदनाच्या अहवालात कोडाची नोंद निघाली.

ते वाचून मावशीला फोन केला. ती म्हणाली, "मी तेव्हाच म्हटलं होतं." मग जरा थांबून, "पण नाच काही मला आवडला नाही हो त्याचा. एवढा पैसा, आणि पँट आखूड."