बाबांची केस आणि कायम होण्याची तारीख

बाबांची केस सध्या हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठात आहे. औद्योगिक न्यायालयाने त्यांना कायम करायचा आदेश दिला, त्याला आव्हान देत ऑफिसने हायकोर्टात रिट याचिका केली. ओळखीचे लोक विचारतात, एवढी वर्षं काम केलं, मग भांडण कशाचं? म्हणून लिहितेय.

बाबा एका सरकारी कार्यालयाच्या बागेत माळी. 1994 साली रोजंदारीवर लागले. हजेरीपटावर नाव, व्हाउचरवर सही आणि अधूनमधून कागदोपत्री ब्रेक, म्हणजे नोकरीत खंड. कारण उघड आहे. आदर्श स्थायी आदेशांप्रमाणे, म्हणजे कामगारांच्या सेवाशर्तींच्या नमुना नियमांप्रमाणे, 12 महिन्यांत 240 दिवस भरले, की कायम होण्याचा हक्क सांगता यायचा; ते भरू नयेत म्हणून ब्रेक. ब्रेक बहुतेक मे महिन्यात पडायचा. नागपूरच्या मे महिन्यात पारा 45 च्या वर जातो, दोन दिवस पाणी चुकलं तर लॉन करपतं. उलटतपासणीत बाबांना विचारलं, "या तारखांना तुम्ही कामावर नव्हता?" बाबा म्हणाले, "साहेब, झाडाले ब्रेक देता येते का? पानी मीच टाकलं न."

पण नुसत्या सांगण्यावर कोर्ट चालत नाही. खरी कामी आली ती पंपघराच्या किल्लीची वही. वकील मॅडमनी अर्ज देऊन ती ऑफिसकडूनच हजर करून घेतली. हिरवा पुठ्ठा, ओल लागून फुगलेली पानं, कडेला पसरलेली शाई. ब्रेकच्या तारखांपुढेही सकाळी सहाची वेळ आणि बाबांची ती एकेक अक्षर सुटं काढलेली सही. हजेरीपटावर गैरहजर असलेल्या माणसाने किल्ली घेतली कशी, याला ऑफिसकडे उत्तर नव्हतं. कामगाराला कायमपणाच्या लाभांपासून दूर ठेवायच्या हेतूने वर्षानुवर्षं तात्पुरता ठेवणं ही महाराष्ट्राच्या 1971 च्या कायद्यात अनुचित कामगार प्रथा आहे. तो हेतू त्या वहीने दाखवला.

हायकोर्टात आता ऑफिसचा सगळा भर उमादेवी निकालावर आहे. 10 एप्रिल 2006 चा सुप्रीम कोर्टाचा घटनापीठाचा निकाल: रीतसर भरती न होता लागलेल्यांना केवळ वर्षं झाली म्हणून कायम करता येत नाही. मागच्या दाराने भरती नको, हे मलाही पटतं. पण बाबा मागच्या दाराने आले नाहीत, ऑफिसने त्यांना बोलावलं. पद मंजूर करून घेणं, जाहिरात काढणं हे ऑफिसचं काम होतं. ते केलं नाही ऑफिसने, आणि त्याची शिक्षा माळ्याला? शिवाय 2009 मध्ये एसटी कामगारांच्या कास्ट्राइब संघटनेच्या खटल्यात सुप्रीम कोर्टानेच सांगितलं, की अनुचित प्रथा सिद्ध झाली तर उमादेवीमुळे औद्योगिक न्यायालयाचे अधिकार जात नाहीत. डिसेंबर 2024 च्या जग्गो निकालातही उमादेवीची ढाल करून जुन्या कामगारांचे हक्क नाकारण्यावर कोर्टाने कडक बोल सुनावलेत. ऑफिसच्या युक्तिवादात या दोन्हींचा उल्लेख नाही, याचा मला फार राग येतो.

कोर्टातली भाषा मला आता समजते. रिटमध्ये पुरावा पुन्हा तोलला जात नाही, खालच्या निकालात उघड चूक आहे का तेवढंच पाहतात. त्यामुळे वहीचा मुद्दा टिकेल असं वकील मॅडमना वाटतं.

खरी चिंता तारखेची आहे. बाबा आता निवृत्तीच्या वयाचे झाले. कायमपणा 240 दिवस भरल्यापासून धरला, तर ते 1 नोव्हेंबर 2005 च्या आधीचे ठरतात आणि त्या तारखेआधी लागलेल्या राज्य कर्मचाऱ्यांना असलेल्या जुन्या पेन्शनचा दावा करता येतो. औद्योगिक न्यायालयात तक्रार केल्यापासून धरला, तर ती त्यानंतरची असल्याने तो दावाच उरत नाही. शिवाय पेन्शनला किमान 10 वर्षांची अर्हताकारी, म्हणजे पेन्शनसाठी मोजली जाणारी, सेवा लागते. म्हणजे 'कायम' शब्द आदेशात आला तरी, मागची तारीख नसेल तर बाबांच्या हातात फारसं काही पडणार नाही. पुढच्या सुनावणीत मॅडम हाच मुद्दा आधी घेणार आहेत. वहीची झेरॉक्स, 1995 पासूनच्या पानांना खुणा करून, मी त्यांच्याकडे देऊन आले.